तीन मिनिटांत कोल्ड ब्रू खरंच होते का? घरच्या एस्प्रेसो मशीनला काय जमतं आणि काय नाही

रात्री अकरा वाजता कोल्ड ब्रू प्यावीशी वाटली तर ती मिळते दुसऱ्या दिवशी सकाळी अकरा वाजता. कॉफीची जाडसर पूड बरणीत टाकायची, गार पाणी ओतायचं, झाकण लावायचं, फ्रिजमध्ये ठेवायची आणि झोपायचं. बारा तास, कधी कधी अठरा. वाट बघणं हीच काय ती रेसिपी.

आणि त्याच ओट्यावर, मिक्सरच्या शेजारी, एस्प्रेसो मशीन बसलेलं असतं. आठ-दहा हजारांपासून लाखाच्या पुढेपर्यंत काहीही मोजून आणलेलं. ते अर्ध्या मिनिटात कॉफी काढतं. मग डोक्यात साहजिकच येतं, एवढे पैसे घातलेत तर ही कोल्ड ब्रूसुद्धा यानेच का काढू नये? त्यात इन्स्टावर रील येतात. चकचकीत मशीन, बर्फाने भरलेला ग्लास, वर लिहिलेलं ‘तीन मिनिटांत कोल्ड ब्रू’. कॅफेत एका ग्लासाला अडीचशे-तीनशे रुपये देणाऱ्या माणसाचा अंगठा तिथे थांबणारच.

तर हे खरं आहे का? आहे. पण त्यात एक मोठी मेख आहे, आणि ती समजून घेण्यासाठी आधी सिडनीला जावं लागेल.

२०२४ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या युनिव्हर्सिटी ऑफ न्यू साउथ वेल्सच्या केमिकल इंजिनीअर्सनी एक संशोधन प्रसिद्ध केलं. डॉ. फ्रान्सिस्को ट्रुहीयो यांच्या टीमने ब्रेव्हिल कंपनीचं, घरात वापरतात तसलं एस्प्रेसो मशीन घेतलं आणि त्याच्या बास्केटला, म्हणजे ज्या जाळीच्या वाटीत कॉफीची पूड दाबून भरतात तिला, अल्ट्रासाउंड यंत्र जोडलं. ही वाटी सेकंदाला ३८ हजारांपेक्षा जास्त वेळा थरथरायची. आपल्या कानाला २० हजारांच्या पुढचं ऐकूच येत नाही. या थरथरीने पाण्यात बारीक बुडबुडे तयार होतात आणि फुटतात, आणि फुटताना कॉफीच्या कणांना अक्षरशः खड्डे पाडतात. कणाच्या आत अडकलेला माल त्यामुळे पटकन बाहेर येतो. साध्या पाण्यात, गरम न करता, तीन मिनिटांच्या आत कोल्ड ब्रू तयार. युनिव्हर्सिटी ऑफ क्वीन्सलँडमध्ये प्रशिक्षित चव-परीक्षकांनी ती २४ तास भिजवलेल्या कोल्ड ब्रूशेजारी ठेवून चाखली, तर तीन मिनिटांवाली तिच्या खूप जवळ जाणारी निघाली.

म्हणजे एस्प्रेसो मशीनमधून झटपट कोल्ड ब्रू शक्य आहे. फक्त त्याला अल्ट्रासाउंडचं वेगळं यंत्र लागतं, आणि ते तुमच्या माझ्या मशीनमध्ये नाही. आपल्या मशीनमधला जो पंप ‘घुर्रर्र’ आवाज करतो, तो घरच्या विजेवर सेकंदाला ५० वेळा हलतो. कुठे ५०, कुठे ३८ हजार.

मग बारा तास जातात कुठे?

बहुतेकांना वाटतं की गार पाण्यात कॉफी ‘विरघळतच नाही’, म्हणून वेळ लागतो. हे अर्धवट खरं आहे. कॅफिनचंच बघा. २५ अंशाच्या १०० मिली पाण्यात साधारण २ ग्रॅम कॅफिन विरघळू शकतं. आणि २० ग्रॅम अरेबिका पुडीत कॅफिन असतं किती? पाव ग्रॅमच्या आसपास. म्हणजे पाण्यात जागेची अजिबात कमतरता नाही.

अडचण वेगळीच आहे. कॉफीचा प्रत्येक कण म्हणजे एक छोटीशी इमारत. पाण्याने आत शिरायचं, आतल्या गोष्टी विरघळवायच्या आणि मग त्या बाहेर यायच्या. पाणी गरम असलं की सगळे धावत बाहेर पडतात, गार असलं की रमतगमत. शिवाय इमारत जितकी मोठी तितका वेळ जास्त, आणि तोही साध्या प्रमाणात नाही. कणाची जाडी तिप्पट झाली तर बाहेर पडायला लागणारा वेळ साधारण नऊपट होतो. कोल्ड ब्रूची पूड लापशी रव्यासारखी जाड असते, एस्प्रेसोची बारीक रव्याहूनही बारीक. त्यात पाणी गार. बारा तास तिथे जातात.

मग पूड बारीकच का नाही दळायची? कारण बारीक पूड बारा तास पाण्यात ठेवली की कडू, तुरट गोष्टीही निवांत बाहेर येतात आणि शेवटी गाळताना फडकं तुंबतं. एकदा करून बघा, परत करणार नाही.

एस्प्रेसो मशीन नेमकं याच्या उलट चालतं. ते जन्मालाच आलं वाट बघणं कमी करायला. इटलीतल्या तुरीन शहरात आंजेलो मोरिओंदो यांनी १८८४ मध्ये वाफेवर चालणाऱ्या कॉफी मशीनचं पेटंट घेतलं, १९०१ मध्ये मिलानच्या लुइजी बेझेरांनी एकेक कप काढणारं मशीन आणलं. आजचं गणित साधारण असं आहे: १८ ग्रॅम बारीक पूड, नव्वद-पंच्याण्णव अंशाचं पाणी, हवेच्या दाबाच्या नऊपट दाब, २५ ते ३० सेकंद, आणि हातात ३६ ग्रॅमच्या आसपास दाट कॉफी.

इथे दाबाबद्दल एक मोठा गैरसमज आहे. मशीनच्या खोक्यावर ‘१५ बार’ असं ठळक छापलेलं असतं, त्यामुळे वाटतं की दाब कॉफी पिळून काढतो, लिंबासारखी. तसं नाही. दाबाचं मुख्य काम असतं घट्ट दाबलेल्या बारीक पुडीतून पाणी पलीकडे ढकलण्याचं. चव बाहेर काढण्याचं काम करते ती उष्णता आणि कणांचा बारीकपणा. उष्णता काढून घेतली तर पंप नुसता पाणी ढकलत बसतो.

‘कोल्ड’ बटण असलेली मशीन

गेल्या काही वर्षांत दे लाँगी, ब्रेव्हिल, जुरा, निन्जा या कंपन्यांनी काही मॉडेल्सवर कोल्ड ब्रूचं बटण दिलंय. ही मशीन अल्ट्रासाउंड वापरत नाहीत. ती काय करतात, तर पाणी तापवत नाहीत, आणि ते एकदम न सोडता थांबत थांबत पुडीतून सोडतात. काही मिनिटांत ग्लास भरतो.

याला कोल्ड ब्रू म्हणायचं का, हा वाद आहे. माझं स्पष्ट मत विचाराल तर हे वेगळं पेय आहे. बरणीत रात्रभर मुरलेल्या कोल्ड ब्रूला एक गोलाई असते, चॉकलेट, गूळ, थोडी मळकट गोडी. बटणवाली कॉफी हलकी, स्वच्छ, थोडी फळांच्या बाजूची लागते. टॉनिक वॉटर किंवा संत्र्याच्या रसात ती मस्त जाते, दुधात मात्र हरवते. तुमच्याकडे असं मशीन असेल तर खुशाल वापरा. पण फक्त या एका बटणासाठी वीस-तीस हजार जास्त मोजणार असाल तर आधी कुणाकडे तरी चाखून घ्या.

साध्या मशीनवर हा जुगाड करून बघितला, त्याची गोष्ट

माझ्या मावसभावाकडे साधं मशीन आहे, बटण-बिटण काही नाही. आम्ही विचार केला, मशीन तापायच्या आतच पंप चालू केला तर? पाणी गारच येणार ना.

टाकीत माठातलं पाणी भरलं, १५ ग्रॅम पूड घातली, मशीन चालू केलं आणि लगेच पंप सुरू. पहिले वीस-पंचवीस सेकंद फिकट तपकिरी पाणी आलं. चव घेतली, आंबट आणि किंचित खारट. कॉफीतल्या आंबट गोष्टी सगळ्यात आधी बाहेर पडतात, गोडवा आणि कडूपणा मागून येतात. आमच्या वाटीत फक्त पहिली फळी आली होती. आणि तेवढ्यात ग्लास हाताला कोमट लागायला लागला. ‘दादा, तापलं रे हे!’ खेळ खलास.

झालं असं की त्या मशीनमध्ये थर्मोब्लॉक आहे. म्हणजे पाणी एका तापलेल्या धातूच्या ठोकळ्यातून जातं, आणि तो ठोकळा मिनिटभरात तापतो. गार पाण्याला पाच मिनिटं हवीत, मशीन देतं अर्धं मिनिट. बॉयलर असलेल्या मशीनला तापायला काही मिनिटं लागतात, तिथे थोडी सवड मिळते. काही मशीन तर तापल्याचा दिवा लागेपर्यंत पंप सुरूच करू देत नाहीत.

हा प्रयोग करायचाच असेल तर दोन गोष्टी सांभाळा. एक, टाकीत बर्फ टाकून ते पाणी आधीच तापलेल्या मशीनमध्ये सोडू नका. तापलेल्या धातूला अचानक गार पाणी मिळणं चांगलं नाही, तव्यावर पाणी ओतल्यावर काय होतं ते आठवा. दोन, पंप बंद केल्या केल्या दांडा काढू नका. स्वस्त मशीनमध्ये आतला दाब सोडून देणारा व्हॉल्व्ह नसतो, आणि दांडा फिरवताच ओली पूड तोंडावर उडते. मिनिट-दोन मिनिटं थांबा. आणि हो, तयार कोल्ड ब्रू किंवा दूध पाण्याच्या टाकीत ओतून ‘परत फिरवून’ बघायचं मनातही आणू नका.

मग मशीनचा खरा उपयोग कुठे?

कोल्ड ब्रू बरणीतच करायची. मशीनला तिच्या आधी आणि नंतर कामाला लावायचं.

पहिलं काम दळण्याचं. तुमच्या मशीनला ग्राइंडर जोडलेला असेल तर तो बहुधा बर ग्राइंडर असतो, म्हणजे दोन दातेरी चकत्यांमध्ये बिया भरडणारा, आपल्या जात्याचा नातेवाईक. मिक्सरच्या पात्यात अर्धी पूड पीठ होते आणि अर्ध्या बिया तशाच राहतात, म्हणून हा बरा. त्याला सगळ्यात जाड सेटिंगला न्या. पण हे ग्राइंडर एस्प्रेसोसाठी बनवलेले असतात, काहींचं ‘सगळ्यात जाड’ हेही फार जाड नसतं. पूड साध्या रव्यासारखी पडत असेल तर बारा ऐवजी आठच तास ठेवा. आणि परत एस्प्रेसोच्या सेटिंगवर येताना थोड्या बिया वाया जाणार हे धरून चाला.

दुसरं काम म्हणजे गरम पाण्याचा एक झटका, आणि मला विचाराल तर सगळ्यात जास्त फरक इथे पडतो. १०० ग्रॅम जाड पूड काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात घ्या. मशीनच्या वाफेच्या नळीतून गरम पाणीही येत असेल तर ते २०० मिली काढून पुडीवर ओता. नळी सुरुवातीला थुंकल्यासारखी वाफ मारते, हात लांब ठेवा. चमच्याने ढवळा, पूड फुगेल, फेस येईल. बियांमध्ये भाजताना अडकलेला कार्बन डायऑक्साइड निघून जातोय. मिनिटभर थांबा आणि लगेच फ्रिजमधलं ६०० मिली गार पाणी ओता. झाकण, फ्रिज, बारा तास.

या एका मिनिटात गार पाण्याला कधीच न जमणारा सुगंध आणि थोडी आंबट चमक कॉफीत उतरते, आणि पुढचे बारा तास गोलाई देतात. शुद्धतावादी मंडळी म्हणतील ही ‘कोल्ड’ कुठे राहिली? म्हणू द्या. प्रामाणिकपणे सांगायचं तर हे काम साधी इलेक्ट्रिक किटलीही करते, मशीनचीच गरज आहे असं नाही.

सकाळी गाळताना आधी मोठी गाळणी, मग मलमलचं फडकं. श्रीखंडाला चक्का बांधतो तसं बांधून टांगून ठेवा, पण पिळू नका. पिळलं की खालचा गाळ आणि तुरटपणा दोन्ही उतरतात. पूड स्वतःच्या दुप्पट पाणी पिऊन बसते, त्यामुळे ८०० मिलीतलं ६०० मिलीच्या आसपास हाती येतं. हा अर्क आहे. ग्लासात निम्मा अर्क, निम्मं पाणी किंवा दूध. १०० ग्रॅम पुडीत सहा ग्लास. २५० ग्रॅमचं पाकीट पाचशे रुपयांचं धरलं तर ग्लास पडतो पस्तीसच्या आत.

तिसरं काम मात्र मशीनशिवाय होत नाही. कोल्ड ब्रू गुळगुळीत असते, पण कधी कधी फारच गुळगुळीत, तिला नाकच नसतं. तिच्यावर एक एस्प्रेसो शॉट टाकला की नाक येतं. छोटी स्टीलची वाटी अर्धा तास फ्रीझरमध्ये ठेवा आणि शॉट थेट तिच्यात काढा. धातू उष्णता ओढून घेतो, त्यामुळे ग्लासातला बर्फ कमी वितळतो. शॉट टाकणार असाल तर अर्क थोडा कमी घ्या, का ते पुढे येतंय.

पुडीबद्दल एक गोष्ट राहिली. आपल्याकडे दुकानात मिळणाऱ्या फिल्टर कॉफीच्या पाकिटावर बारीक अक्षरात ‘७०:३०’ वगैरे लिहिलेलं असतं, म्हणजे त्यात चिकोरी आहे. दूध घालून गरम प्यायला ती छान, पण बारा तास भिजवली की ग्लासात चिकोरीच बोलते. आणि इन्स्टंट कॉफी? ती आधीच एकदा काढून वाळवलेली कॉफी आहे, गार पाण्यात ढवळली की झालं. तिला ना बरणी लागते ना मशीन.

‘कोल्ड ब्रूने पित्त होत नाही’ वगैरे

हा दावा आपल्याकडे फार चालतो. अमेरिकेतल्या फिलाडेल्फियामध्ये थॉमस जेफरसन युनिव्हर्सिटीच्या नायनी राव आणि मेगन फुलर यांनी २०१८ मध्ये गरम आणि कोल्ड ब्रू दोन्हींचं मोजमाप केलं. दोन्हींचा पीएच ४.८५ ते ५.१३ या टप्प्यातच निघाला, म्हणजे जवळपास सारखा. गरम कॉफीत एकूण आम्लं मात्र जास्त सापडली, त्यामुळे कोल्ड ब्रू जिभेला सौम्य लागते हे खरं. पण कॉफीने त्रास होणाऱ्याने फक्त ती गार आहे म्हणून निर्धास्त राहावं, असं या आकड्यांवरून म्हणता येत नाही.

त्याच पीएचचा आणखी एक अर्थ आहे. ४.६ च्या वरचा पदार्थ जंतूंना रोखण्याइतका आंबट धरला जात नाही. लोणचं बाहेर टिकतं, कोल्ड ब्रू टिकत नाही. परदेशी रेसिपीत ‘ओट्यावर ठेवा’ असं लिहिलेलं असतं, ते त्यांच्या वीस अंशाच्या किचनसाठी. नागपूरच्या किंवा जळगावच्या मे महिन्यात ओट्यावर अठरा तास ठेवलेली बरणी आणि तिकडची बरणी एक नाही. भिजवताना फ्रिज, गाळल्यावरही फ्रिज, आणि आठवड्याच्या आत संपवा. दूध घातलेली तर त्याच दिवशी.

आता ते अर्क कमी घेण्याचं. वरच्या मापाने केलेल्या १०० मिली अर्कात, अरेबिका असेल तर, सव्वाशे ते दीडशे मिलिग्रॅम कॅफिन सहज असतं. त्यावर एक शॉट म्हणजे आणखी साठ-सत्तर. ग्लास गेला दोनशेवर. अमेरिकेच्या एफडीएच्या मते निरोगी प्रौढांसाठी दिवसाला ४०० मिलिग्रॅमपर्यंत कॅफिन साधारणपणे ठीक आहे, म्हणजे असे दोन ग्लास झाले की त्या दिवसाचा कोटा संपला. घरातला चहा वेगळा मोजायचा. शिवाय भारतात अरेबिकापेक्षा रोबस्टा जास्त पिकते, एस्प्रेसोला छान फेस यावा म्हणून अनेक ब्लेंडमध्ये ती घालतात, आणि तिच्यात कॅफिन जवळपास दुप्पट. पाकिटावर रोबस्टाचा टक्का लिहिलेला असेल तर तो वाचा. गार, गोड लागणारी कॉफी घटाघट जाते, गरम कॉफीसारखी फुंकून प्यावी लागत नाही. संध्याकाळी सातला प्यायलेल्या ग्लासातलं निम्मं कॅफिन रात्री बारालाही अंगात असतं, त्यामुळे हा शॉटवाला ग्लास दुपारच्या आतच उरका.